ही फाइल कोणाची?

२००२ सालच्या उन्हाळ्यात जगभरच्या कचेऱ्यांत आणि घराघरांत एक इ-मेल फिरला. त्याचा मथितार्थ असा : माझ्या संगणकात व्हायरस शिरला होता, तो तुमच्याकडेही आला असणार. नॉर्टन किंवा मॅकॅफीला तो सापडत नाही. चौदा दिवस तो गप्प बसतो आणि मग घात करतो. तेव्हा ‘जेडीबीजीएमजीआर.ईएक्सई’ नावाची फाइल शोधा. तिच्या शेजारी लहानशा अस्वलाचं चित्र असेल. ती उघडू नका, पुसून टाका आणि ओळखीच्या सगळ्यांना सावध करा.

लोकांनी शोधलं आणि अस्वल खरोखरच सापडलं, कारण ते मायक्रोसॉफ्टनंच तिथे ठेवलेलं होतं. जावा भाषेत प्रोग्रॅम लिहिणाऱ्यांना चुका हुडकायला लागणारं ते एक छोटं साधन होतं. त्यात व्हायरस नव्हता, म्हणूनच अँटिव्हायरसला काही सापडत नव्हतं. पण न सापडणं हाच धोक्याचा पुरावा ठरला. त्याच्या आदल्या वर्षी ‘एसयूएलएफएनबीके.ईएक्सई’ या फाइलबद्दल असाच संदेश ब्राझीलमध्ये पोर्तुगीज भाषेत निघाला आणि इंग्रजीत येऊन सगळीकडे पसरला. विंडोज ९८ मध्ये लांबलचक फाइलनावं पूर्ववत करून देण्याचं काम ती फाइल करत असे. दोन्ही वेळा माणसांनी आपल्या हातांनी आपल्या यंत्राचा निरुपद्रवी भाग काढून फेकला आणि मित्रांनाही फेकायला लावला.

या दोन्ही प्रकारांकडे लोकांचा भोळेपणा म्हणून पाहिलं गेलं. मला ते पटत नाही. त्या माणसांचा प्रश्न रास्त होता : ही फाइल कोणाची, आणि माझ्या यंत्रात ती काय करते? उत्तर द्यायला आसपास कोणी नव्हतं, म्हणून इ-मेलनं दिलेलं उत्तर त्यांनी मानलं. आज दोन दशकांनंतरही बहुतेक कचेऱ्यांत हा प्रश्न विचारला तर उत्तर मिळत नाही. बँकेची शाखा, दवाखाना, छापखाना, सेतू केंद्र, सगळी कामं ज्या फायलींच्या जोरावर चालतात त्यांची साधी यादीही कोणापाशी नसते. अशा फायली ओळखण्याचं एक शास्त्र आहे, नोंदवह्या ठेवणाऱ्या संस्था आहेत, आणि हे काम सार्वजनिक हिताचं आहे, असं मला मनापासून वाटतं.

*

कोणत्याही विंडोज संगणकावर ‘सिस्टिम३२’ हे फोल्डर उघडून पाहा. हजारो फायली दिसतील आणि त्यांतल्या बहुसंख्य फायलींचं नाव ‘.डीएलएल’नं संपत असेल. डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. तिच्यावर दोनदा क्लिक केलं तर काही सुरू होत नाही. इतर प्रोग्रॅमना वारंवार लागणारा तयार कोड तिच्यात असतो. प्रोग्रॅम चालू झाला की तो तिला हाक मारतो आणि काम करून घेतो.

ही व्यवस्था गरजेतून आली. २० नोव्हेंबर १९८५ रोजी विंडोजची पहिली आवृत्ती आली तेव्हा तिला २५६ किलोबाइट मेमरीत भागवावं लागे. आज मोबाइलनं काढलेला एक फोटो याहून कितीतरी मोठा असतो. एवढ्याशा जागेत प्रत्येक प्रोग्रॅमनं खिडकी काढण्याचा, अक्षरं रंगवण्याचा कोड स्वतंत्रपणे बाळगणं शक्यच नव्हतं. गावात देवळाच्या मालकीची मोठी पातेली आणि पराती असतात, ज्याच्या घरी कार्य असेल तो ती नेतो आणि परत आणून ठेवतो, तसा हा कोड एकदाच ठेवायचा आणि सगळ्यांनी वापरायचा असं ठरलं. गावच्या भांड्यांवर देवाचं नाव कोरलेलं असतं, म्हणून ती हरवत नाहीत आणि बदलली जात नाहीत. डीएलएलमध्येही नावगाव नोंदवायची जागा आहे. तिथे कोणी काय लिहावं यावर मात्र कोणाचाही पहारा नाही, आणि पुढचा सगळा घोळ त्यातून झाला.

नव्वदच्या दशकात प्रत्येक सॉफ्टवेअरचा इन्स्टॉलर आपल्याला हव्या त्या डीएलएल बरोबर घेऊन यायचा आणि थेट सिस्टिमच्या फोल्डरात ओतायचा. तिथे त्याच नावाची फाइल आधीच असली तर? शिस्तीचा इन्स्टॉलर आवृत्तीचा क्रमांक तपासून नवी असेल तीच ठेवत असे. बेशिस्त इन्स्टॉलर नव्या फाइलच्या जागी जुनी टाकून मोकळा होई. मग काल चालणारं अकाउंटिंगचं पॅकेज आज सुरू होत नाही, आणि दोष जातो त्याच पॅकेजला. ‘एमएफसी४२’, ‘एमएसव्हीसीआरटी’, ‘सीओएमसीटीएल३२’ ही नावं त्या काळात हार्डवेअर दुरुस्त करणाऱ्या मुलांच्याही तोंडी असायची. या अवस्थेला प्रोग्रॅमर मंडळी ‘डीएलएल हेल’ म्हणत. मायक्रोसॉफ्टनं तेव्हा कोणती डीएलएल, कोणत्या आवृत्तीची, कोणत्या उत्पादनाबरोबर गेली हे पाहता येईल असा एक शोधसंग्रहच लोकांसाठी खुला ठेवला होता. पुढे तो बंद झाला. मला तो निर्णय चुकीचा वाटतो. ज्यानं फायली वाटल्या त्याच्याकडेच त्यांची सर्वांत खात्रीची नोंद असणार, आणि ती सगळ्यांना पाहता येणं हा वापरणाऱ्यांचा हक्क आहे.

२००० साली विंडोज २००० मध्ये महत्त्वाच्या फायलींवर राखण आली. कोणी त्या बदलल्या तर यंत्र ‘डीएलएलकॅश’ या दडवलेल्या फोल्डरातून मूळ प्रत गुपचूप परत आणून ठेवी. २००१ मध्ये विंडोज एक्सपीनं एकाच डीएलएलच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी नांदतील अशी ‘विनएसएक्सएस’ नावाची सोय केली. भांडणं कमी झाली, पण एकाच नावाच्या अनेक प्रती एकाच यंत्रात राहू लागल्या. ‘नाव काय’ या प्रश्नाच्या जोडीला ‘यांतली कोणती’ हा प्रश्न आला.

*

मराठी माणसाच्या परिचयाची, पण बहुतेकांनी नाव न ऐकलेली एक डीएलएल आहे : ‘यूएसपी१०’. तिला युनिस्क्राइब म्हणतात. नव्वदच्या दशकाच्या अखेरीस इंटरनेट एक्सप्लोरर ५ आणि विंडोज २००० बरोबर ती आली आणि विंडोजमध्ये युनिकोड देवनागरी शक्य झाली. र. कृ. जोशी यांनी घडवलेला ‘मंगल’ हा फाँट त्याच वेळचा. पण नुसता फाँट पुरत नाही. ‘किती’ हा शब्द टाइप करताना आपण क आधी देतो आणि ह्रस्व इकार नंतर; पडद्यावर मात्र तो इकार क च्या आधी दिसायला हवा. ‘सूर्य’मधला रफार पुढच्या अक्षराच्या डोक्यावर चढायला हवा. ‘दुसऱ्या’मधला अर्धा र आडवा, पापणीसारखा यायला हवा, तो हिंदीत लागत नाही, मराठीला लागतो. हे सगळं लावून देणारी फाइल म्हणजे यूएसपी१०.

एक्सपीच्या काळात मराठीतून काम करू पाहणाऱ्याला पहिला अडथळा इथेच यायचा. कंट्रोल पॅनेलमध्ये रीजनल अँड लँग्वेज ऑप्शन्स, तिथे ‘लँग्वेजेस’ हा टॅब, तिथे कॉम्प्लेक्स स्क्रिप्टच्या फायली बसवा अशी एक चौकट. ती टिचकवली की यंत्र एक्सपीची मूळ सीडी मागे. सीडी कोणाकडे असायची? यंत्र जोडून देणाऱ्यानं दिलेलीच नसायची. मग मित्राच्या मित्राकडून सीडी, नाहीतर नुसतं फोल्डर कॉपी करून आणणं चाले.

त्याहून चकवणारा प्रकार पुढे होता. ऑफिस २००३ आपली स्वतःची यूएसपी१० घेऊन यायचं आणि ती सिस्टिम३२ मध्ये न टाकता आपल्या सामायिक फोल्डरात ठेवायचं. एक्सपीच्या दुसऱ्या सर्व्हिस पॅकमधल्या प्रतीचा क्रमांक १.०४२० नं सुरू होई, ऑफिस २००३ मधल्या प्रतीचा १.०४७१ नं. नाव तेच, प्रती दोन. वर्ड एक प्रत वापरणार, नोटपॅड दुसरी. त्यामुळे काही लिपींमधलं एखादं जोडाक्षर वर्डमध्ये नीट जुळे आणि तेच नोटपॅडमध्ये तुटे. माणूस फाँटला दोष देई, फाँट बदले, कीबोर्ड बदले, आणि खरं कारण त्याच्या नजरेसमोर कधी येतच नसे. बंगाली, मल्याळम लिहिणारे जाणकार एकमेकांना नवी यूएसपी१० सिस्टिम३२ मध्ये टाकायचा सल्ला देत. टाकली की विंडोजची राखण जागी होई आणि जुनी प्रत परत आणून ठेवी. लोक मग सेफ मोडमध्ये जाऊन हा बदल करत. आपल्या भाषेची अक्षरं सरळ दिसावीत म्हणून हजारो माणसांनी ही खटपट केली, आणि ती करताना कोणती प्रत कुठून घेतली याची नोंद जवळजवळ कोणीच ठेवली नाही.

*

आता याच यूएसपी१० ची एक्सपीमधली प्रत हेक्स एडिटरमध्ये उघडून पाहू. फाइलमधला प्रत्येक बाइट इथे दोन अंकी संख्येत दिसतो.

पहिले दोन बाइट : ४डी ५ए. अक्षरांत वाचले तर ‘एमझेड’. मार्क झ्बिकोव्स्की या मायक्रोसॉफ्टच्या अभियंत्याची ही आद्याक्षरं. डॉससाठी ईएक्सई फाइलचा आराखडा त्यांनी तयार केला आणि तेव्हापासून आजतागायत विंडोजची प्रत्येक ईएक्सई, प्रत्येक डीएलएल याच दोन अक्षरांनी सुरू होते. फाइलचं नाव ‘फोटो.जेपीजी’ केलं, तरी आत एमझेड आहे म्हटल्यावर हा फोटो नव्हे एवढं लगेच कळतं.

थोडं खाली एक इंग्रजी वाक्य दिसतं : हा प्रोग्रॅम डॉसमध्ये चालणार नाही. चाळीस वर्षांपूर्वीच्या यंत्रासाठी लिहिलेला हा निरोप आजच्या फायलींतही तसाच आहे. ३सी या जागी एक आकडा असतो. तो सांगतो की खरी माहिती कुठून सुरू होते. तिथे गेलं की ‘पीई’ ही अक्षरं भेटतात. त्यांच्या लगोलग दोन बाइट, ही फाइल कोणत्या प्रोसेसरसाठी आहे ते सांगणारे : ४सी ०१ असेल तर ३२ बिटची, ६४ ८६ असेल तर ६४ बिटची. इथे ४सी ०१ आहे. पीईच्या जागी ‘एनई’ असतं तर ती विंडोज ३.१ च्या काळातली १६ बिटची फाइल ठरली असती, आणि आजच्या ६४ बिट विंडोजवर तसली फाइल चालतच नाही.

त्यानंतर एक तारीख, १ जानेवारी १९७० पासूनच्या सेकंदांत. फाइल कधी घडवली हे तिच्यावरून कळतं असं पूर्वी धरून चालत असू. विंडोज १० पासून मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या फायलींत या जागी तारखेऐवजी मजकुरावरून काढलेला आकडा असतो, त्यामुळे पुढच्या दशकांतल्या तारखा दिसतात. अशी भविष्यातली तारीख पाहून फाइल बनावट ठरवू नये.

पुढे निर्यात तक्ता, म्हणजे ही लायब्ररी इतरांना कोणती कामं करून देते त्यांची यादी. यूएसपी१० मध्ये ‘स्क्रिप्टआयटमाइझ’, ‘स्क्रिप्टशेप’, ‘स्क्रिप्टप्लेस’ ही नावं सापडतात. पहिलं मजकुराचे लिपीनुसार तुकडे पाडतं, दुसरं जोडाक्षरांची रूपं निवडतं, तिसरं ती पडद्यावर कुठे बसवायची ते ठरवतं. मला या तक्त्याइतकी बोलकी दुसरी जागा माहीत नाही. फाइल स्वतःबद्दल काय म्हणते यापेक्षा ती काय करते, आणि आयात तक्त्यावरून ती कोणाकडून काय मागते, हे पाहिलं की तिचा स्वभाव कळतो. जोडाक्षरं जुळवणारी म्हणवणारी फाइल नेटवर्कच्या लायब्ररीला हाक मारत असेल तर थांबून विचार करावा.

शेवटी आवृत्तीची माहिती : कंपनीचं नाव, वर्णन, आवृत्ती, मूळ फाइलनाव, स्वामित्वहक्क. फाइलवर उजवी क्लिक करून प्रॉपर्टीजमधल्या ‘डिटेल्स’ टॅबवर हे कोणालाही दिसतं. मूळ फाइलनाव आणि आत्ताचं नाव जुळत नसेल तर ती नोंद घेण्याजोगी गोष्ट आहे. मात्र हा सगळा मजकूर फाइल घडवणारा स्वतः लिहितो. कंपनीच्या रकान्यात मायक्रोसॉफ्ट लिहायला कोणीही अडवत नाही. फाइल खरोखर कोणाची हे कळायला डिजिटल सही पाहावी लागते. ‘सिस्इंटर्नल्स’चं ‘सिगचेक’ हे फुकट मिळणारं साधन ते काम चोख करतं. मार्क रुसिनोविच आणि ब्राइस कॉग्सवेल यांनी १९९६ मध्ये सुरू केलेली ही साधनपेटी २००६ मध्ये मायक्रोसॉफ्टनं घेतली. त्यातलंच ‘लिस्टडीएलएल्स’ आत्ता या क्षणी कोणता प्रोग्रॅम कोणत्या फोल्डरातली कोणती डीएलएल वापरतो आहे ते दाखवतं. वर्ड आणि नोटपॅडचं ते कोडं यानं एका मिनिटात सुटलं असतं.

एक इशारा जाता जाता. ६४ बिट विंडोजवर ६४ बिटच्या लायब्ररी असतात ‘सिस्टिम३२’ मध्ये आणि ३२ बिटच्या असतात ‘सिसवाओ६४’ मध्ये. नावं अगदी उलटी वाटतात, पण जुने प्रोग्रॅम मोडू नयेत म्हणून तसंच ठेवलं गेलं. नावावर विसंबून यादी केली तर ती सुरुवातीलाच चुकते.

*

नाव बदलता येतं, तारीख बदलता येते, कंपनीचं नाव खोटं लिहिता येतं. मग फाइलची ओळख म्हणून पक्कं काय धरायचं? तिचा हॅश. फाइलमधले सगळे बाइट एका गणिती सूत्रातून काढले की ठरावीक लांबीचा एक आकडा मिळतो. एसएचए-२५६ या पद्धतीत तो ६४ अंक-अक्षरांचा असतो. फाइलमधला एक बिट जरी बदलला तरी तो आकडा पार बदलतो. विंडोजमधलीच ‘सर्टयुटिल’ ही आज्ञा तो काढून देते, वेगळं काही बसवावं लागत नाही.

पण नुसता हॅश मुका असतो. तो कोणत्या फाइलचा, कोणत्या सीडीवरून आलेल्या कोणत्या उत्पादनातला, हे सांगणारी वही हवी. अशी सर्वांत मोठी सार्वजनिक वही अमेरिकेत आहे. मेरिलँडमधल्या गेदर्सबर्ग इथे एनआयएसटी ही मानकं ठरवणारी सरकारी संस्था ‘नॅशनल सॉफ्टवेअर रेफरन्स लायब्ररी’ चालवते. तिथे सॉफ्टवेअरची खोकी खरोखरच कपाटांत लावून ठेवलेली आहेत. प्रत्येक सीडी, प्रत्येक डाउनलोड उलगडून आतल्या प्रत्येक फाइलचा हॅश काढला जातो आणि त्यांचा संच सगळ्यांना फुकट दिला जातो. स्टॅनफर्ड विद्यापीठाकडे स्टीफन कॅब्रिनेटी यांनी जमवलेला जुन्या सॉफ्टवेअरचा आणि खेळांचा मोठा संग्रह आहे. तो जतन करण्याच्या कामातही या संस्थेनं हात दिला.

या वहीचा पहिला उपयोग पोलिसांना. जप्त केलेल्या संगणकात लाखो फायली असतात आणि त्यांतल्या फार मोठ्या हिश्शाच्या फायली विंडोजच्या, ऑफिसच्या, कुठल्या तरी खेळाच्या असतात. हॅश जुळवून त्या बाजूला काढल्या की माणसानं स्वतः तयार केलेलं जे उरतं तेवढंच तपासायचं. या संस्थेनं एक गोष्ट कायम स्पष्ट ठेवली आहे : यादीत असलेली फाइल ‘माहितीची’ आहे, ‘चांगली’ आहे असं नव्हे. घुसखोरीला वापरता येणारी साधनंही त्या यादीत आहेत, कारण तीही प्रसिद्ध झालेली सॉफ्टवेअरच आहेत. नोंदणारा न्यायनिवाडा करत नाही, तो फक्त ओळख सांगतो. ही मर्यादा पाळल्यामुळेच कोर्टकचेऱ्यांतून तिच्यावर भिस्त ठेवता येते.

अँटिव्हायरसचं काम याहून वेगळं, कारण त्याला निवाडाही करावा लागतो आणि तो कधी कधी चुकतो. २००८ च्या नोव्हेंबरात एव्हीजी या अँटिव्हायरसच्या एका अपडेटनं एक्सपीमधली ‘यूझर३२.डीएलएल’ ट्रोजन ठरवली. खिडक्या, बटणं, माउस हे सारं जिच्यावर चालतं ती ही फाइल. ज्यांनी सल्ला मानून ती काढली त्यांची यंत्रं सुरूच होईनात. अस्वलाच्या वेळी माणसांची फसगत झाली होती, इथे यंत्राची झाली. दोन्हीकडे कमतरता एकच : खात्रीच्या नोंदीशी ताडून पाहण्याची पायरी गाळली गेली.

*

आता ज्यांनी ओळखीच्या सगळ्या खुणा पुरत्या जाणून त्यांचाच वापर केला त्यांच्याकडे वळू.

२०१० च्या जूनमध्ये बेलारूसमधल्या व्हायरसब्लॉकअदा या छोट्या कंपनीला स्टक्सनेट हा घातक प्रोग्रॅम सापडला. इराणमधल्या नातान्झच्या युरेनियम प्रकल्पातली यंत्रं बिघडवण्यासाठी तो रचलेला होता. सीमेन्सच्या ‘स्टेप ७’ या प्रणालीत ‘एस७ओटीबीएक्सडीएक्स.डीएलएल’ नावाची लायब्ररी असते. अभियंत्याचा संगणक आणि कारखान्यातला नियंत्रक यांच्यातलं सगळं बोलणं तिच्यातून जातं. स्टक्सनेटनं मूळ फाइलच्या नावातलं एकच अक्षर बदललं, शेवटच्या ‘डीएक्स’चं ‘एसएक्स’ केलं, आणि तिच्या जागी आपली फाइल मूळ नावानं बसवली. मूळ फाइल १०९ कामं करून द्यायची. बनावट फाइलनं त्यांतली ९३ जशीच्या तशी मूळ फाइलकडे पाठवली आणि १६ आपल्या हातात ठेवली. नियंत्रकात काय चाललंय हे अभियंता पाहू लागला की त्याला बदललेला भाग दिसतच नसे. स्टक्सनेटच्या ड्रायव्हर फायलींवर डिजिटल सही होती, रिअलटेक या नामांकित कंपनीच्या चोरलेल्या किल्लीनं केलेली. नाव बरोबर, सही बरोबर. सीमेन्सच्या मूळ सीडीवरच्या फाइलचा हॅश आणि यंत्रातल्या फाइलचा हॅश कोणी शेजारी शेजारी ठेवून पाहिला असता तर फरक तिथल्या तिथे दिसला असता.

२०२० मध्ये तोही आधार निसटला. ‘सोलरविंड्स’ या कंपनीच्या ‘ओरायन’ उत्पादनातली एक डीएलएल कंपनीच्या स्वतःच्या कारखान्यातच, घडवली जात असताना, बाधित केली गेली. तिच्यावरची सही अस्सल होती, आवृत्ती अस्सल होती, हॅश कंपनीनं वाटलेल्या फाइलचाच होता. सुमारे १८,००० ग्राहकांपर्यंत ती पोचली आणि डिसेंबरात फायरआय कंपनीनं ती उघडकीला आणली. यंत्रात शिरल्यावर ती दोन आठवड्यांपर्यंत गप्प बसत असे. अस्वलाच्या इ-मेलमध्ये चौदा दिवसांची जी भीती घातली होती, ती अठरा वर्षांनी एका खऱ्या फाइलच्या बाबतीत खरी ठरली.

याचा अर्थ नोंदी कुचकामी आहेत असा काहींनी काढला. मला उलटं दिसतं. फाइल बाधित आहे हे कळल्यावर पहिला प्रश्न आला : ही आपल्याकडे आहे का, कोणत्या यंत्रात, कोणती आवृत्ती? ज्यांच्याकडे यादी होती त्यांनी दिवसभरात उत्तर दिलं. वर्षभरानं, डिसेंबर २०२१ मध्ये, ‘लॉग४जे’ या जावा लायब्ररीतलं खिंडार जगाला कळलं तेव्हा हेच पुन्हा झालं, आणि अधिक वाईट रीतीनं. ती लायब्ररी एका फाइलच्या पोटात दुसरी, तिच्या पोटात तिसरी अशी दडलेली असे. ‘माइनक्राफ्ट’ खेळणाऱ्या मुलांच्या संगणकांपासून सरकारी सर्व्हरपर्यंत ती होती, आणि आपल्याकडे ती आहे हे कित्येकांना ठाऊक नव्हतं.

*

आपल्याकडे हा विषय रोज भेटतो तो दुरुस्तीच्या दुकानात. पुण्यातल्या तापकीर गल्लीत किंवा मुंबईत लॅमिंग्टन रोडला एखाद्या काउंटरशी उभं राहिलं की असं संभाषण कानावर पडतं.

“काका, ‘व्हीसीरनटाइम१४०’ नाही म्हणतंय. टाकून देतो.”

“कुठून टाकणार?”

“नेटवर मिळते ना. दोन मिनिटांचं काम.”

नेटवर मिळते हे खरं आहे. एकेक डीएलएल सुटी वाटणारी कितीतरी संकेतस्थळं आहेत. त्यांनी ती कोणत्या यंत्रातून उचलली, कोणत्या आवृत्तीची, मध्ये कोणी हात लावला का, हे कळायला मार्ग नाही. शिवाय ३२ बिट आणि ६४ बिट यांची गल्लत झाली की प्रोग्रॅम ०एक्ससी०००००७बी असा अगम्य आकडा दाखवून बंद पडतो आणि ग्राहक दुसऱ्या दिवशी परत येतो. योग्य इलाज तितकाच सोपा आणि फुकट आहे : ही फाइल मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल या संचात येते; तो संच त्यांच्याकडूनच घेऊन बसवायचा. जुने खेळ ‘डी३डीएक्स९_४३’ मागतात, ती डायरेक्टएक्सच्या जून २०१० च्या संचात असते. म्हणजे हवी असते ती फाइल कोणत्या संचाची आहे एवढीच माहिती. ही मुलं हुशार असतात, हात चपळ असतो. त्यांच्या काउंटरवर अशी एक पानभर यादी चिकटवलेली असली तर रोजची कितीतरी यंत्रं धोक्यातून वाचतील. संगणक दुरुस्तीचे जे अभ्यासक्रम गावोगावी चालतात त्यांत हा धडा नसणं मला अक्षम्य वाटतं.

वरच्या पातळीवर हालचाल सुरू झाली आहे. अमेरिकेत मे २०२१ च्या अध्यक्षीय आदेशानं सरकारला विकल्या जाणाऱ्या सॉफ्टवेअरबरोबर आतल्या घटकांची यादी मागायला सुरुवात झाली. तिला ‘एसबॉम’ म्हणतात. आपल्याकडे सेबीनं ऑगस्ट २०२४ च्या सायबर सुरक्षा चौकटीत ती आणली आणि सर्ट-इन या सरकारी सायबर सुरक्षा संस्थेनं ऑक्टोबर २०२४ मध्ये तिच्यासाठी मार्गदर्शक सूचना काढल्या. शेअर बाजाराशी निगडित मोठ्या संस्था ते करतील. पण तालुक्याच्या पतपेढीचं काय? तिचं सॉफ्टवेअर कोणी पंधरा वर्षांपूर्वी लिहून दिलेलं असतं, लिहिणारा आता तो धंदा सोडून गेलेला असतो, आणि आतल्या डीएलएल कोणत्या हे त्यालाही आठवत नसतं. तिथे यादी तयार करायला कोणी पुढे यावं लागेल.

आणि एक काम तर फक्त आपणच करू शकतो. मराठी छापखान्यांत नव्वदच्या दशकापासून पुण्याच्या मॉड्युलर इन्फोटेकचं ‘श्रीलिपी’, पुण्याच्याच सीडॅकचं ‘आयएसएम’, बंगळुरूच्या सायबरस्केपचं ‘आकृती’ अशी सॉफ्टवेअर वापरली गेली. प्रत्येकाचं अक्षरांचं संकेतन वेगळं, फाँट वेगळे, आणि अक्षरं जुळवणाऱ्या लायब्ररी वेगळ्या. यांतल्या काहींना संगणकामागच्या पॅरलल पोर्टला लावायचं हार्डवेअर लॉकही लागे. दोन-तीन दशकांचे दिवाळी अंक, कादंबऱ्या, कोश यांची पेजमेकरमधली पानं आज सीड्यांवर आणि फ्लॉप्यांवर पडून आहेत. फाइल उघडते, पण अक्षरांच्या जागी निरर्थक चिन्हं येतात, कारण सोबतचा फाँट आणि लायब्ररी त्याच आवृत्तीची नाही. गेदर्सबर्गच्या कपाटांत हा मराठी संसार शोधायला कोणी जाणार नाही. तो नोंदायचा तर इथेच नोंदायला हवा, एखाद्या विद्यापीठानं, मोठ्या ग्रंथसंग्रहालयानं, नाहीतर मुद्रकांच्या संघानं.

काय नोंदायचं ते फार नाही. सॉफ्टवेअरचं नाव आणि आवृत्ती, मूळ डिस्क कोणाकडे आहे ते, तिच्यावरच्या प्रत्येक फाइलचं नाव, आकार आणि एसएचए-२५६ हॅश, ती १६ बिटची, ३२ बिटची की ६४ बिटची, आणि कोणत्या विंडोजवर ती चालवून पाहिली. सोबत फाँटची फाइल आणि त्या फाँटात जुळवलेलं, छापील प्रत हाताशी असलेलं एक पान, म्हणजे अक्षरं बरोबर उमटली का ते पडताळता येईल. डिस्कची प्रतिमा आधी काढावी आणि हॅश त्या प्रतिमेवरून काढावेत. मूळ डिस्क त्यानंतर पुन्हा वाचायला लावू नये. फ्लॉपीवरची चुंबकीय नोंद वर्षांगणिक क्षीण होते आणि ती वाचणारे ड्राइव्हही आता मिळेनासे झालेत, त्यामुळे सुरुवात फ्लॉप्यांपासून करावी आणि सीड्या मागून घ्याव्यात.